जुळी कोकरं आणि दख्खनी मेंढीचं दूध: दोन्ही कोकरं जगवायची कशी

दख्खनी मेंढी कोणी दुधासाठी पाळत नाही. वाड्यावर, म्हणजे मेंढपाळांच्या मुक्कामावर, तिच्या दुधाचा चहा होतो, क्वचित कुठे तूपही काढतात, पण कळपाचा सगळा हिशेब कोकरांवर बसलेला असतो. आणि पहिले दोन महिने कोकरू वाढतं ते मुख्यतः दुधावर. एकच कोकरू असेल तर आईचं दूध त्याला कसंबसं पुरतं, त्यामुळे दुधाकडे कोणाचं लक्ष जात नाही. जुळी झाली की मात्र सगळं दुधावर येऊन अडतं.

हा प्रश्न आता जास्त कळपांत येतो, कारण जुळी देणारी दख्खनी मेंढी आपल्याकडेच तयार झाली आहे. फलटणच्या निंबकर कृषी संशोधन संस्थेने सुंदरबनातल्या गरोळ मेंढीतलं जुळी देणारं ‘बुरूला’ जनुक लोणंद भागातल्या दख्खनी मेंढीत आणलं. गरोळ मेंढी इतकी लहान, की पूर्ण वाढलेली मादी जेमतेम १०–१५ किलोची भरते, पण ती सहज जुळी-तिळी देते. या संकरात पुढे अंगासाठी कर्नाटकातली बन्नूर आणि इस्रायलमधली सुधारित अवासी या जातींचं रक्तही आलं. अवासी ही पश्चिम आशियातली दुधाची मेंढी आहे. यातून आलेल्या मेंढीला ‘नारी सुवर्णा’ म्हणतात. साधी दख्खनी शंभरातून मोजकीच जुळी देते. या जनुकाची एक प्रत असलेल्या मेंढ्यांना साधारण निम्म्या वेतांत जुळी होतात.

जनुक जुळी देतं, दूध दुप्पट करत नाही. कोकराचं वजन एक किलोने वाढायला साधारण पाच लिटर दूध लागतं. म्हणजे दोन कोकरं रोज प्रत्येकी १२० ग्रॅमने वाढायची असतील, तर मेंढीने दिवसाला सव्वा लिटरच्या आसपास दूध द्यायला हवं. नुसत्या चराईवरची दख्खनी मेंढी पहिल्या महिन्यात अर्धा ते पाऊण लिटर देते. उरलेलं दूध कुठून आणायचं, हाच या कामाचा गाभा आहे. काही खुराकातून येतं, काही बाटलीतून, काही दुसऱ्या मेंढीकडून किंवा शेळीकडून.

मेंढा आणि तारीख

मेंढ्याकडे बघून त्याच्यात जुळ्यांचं जनुक आहे की नाही ते कळत नाही. तो स्वतः जुळ्यातला आहे एवढ्यावर भरवसा ठेवू नका. रक्ताची डीएनए तपासणी झालेलाच मेंढा घ्या आणि त्याच्यात एक प्रत आहे की दोन, हे विचारून घ्या. दोन प्रती असलेला मेंढा साध्या दख्खनीवर सोडला की त्याच्या प्रत्येक मुलीत एक प्रत येते. एक प्रत असलेल्या मेंढ्याच्या मुलींपैकी निम्म्यांतच येते. ज्या कळपात आधीच जनुक असलेल्या माद्या आहेत तिथे पुन्हा असाच मेंढा सोडला, तर दोन प्रतींच्या माद्या तयार होतात आणि तिळी वाढतात. फिरत्या कळपाला तिळी झेपत नाहीत. तिथे जनुक नसलेला, पण चांगल्या दुधाच्या आईचा मेंढा वापरा.

मेंढा सोडताना त्याच्या छातीला गोड्या तेलात कालवलेला गेरू लावा. ज्या मेंढीवर तो चढेल तिच्या माकडहाडावर गेरूचा डाग उठतो. त्या मेंढीची तारीख वहीत लिहा. गेरू दोन-तीन दिवसांनी परत लावावा लागतो. मेंढीचं माजाचं चक्र १७ दिवसांचं असतं, म्हणून १७ दिवसांनी रंग बदला. पहिल्या डागावर दुसरा रंग चढला तर ती आधी गाभण राहिली नव्हती, मग तारीख बदला. डागापासून १४७ ते १५० दिवसांनी मेंढी विते. आषाढात मेंढा लागला तर कोकरं मार्गशीर्षाच्या आगेमागे येतात. तेव्हा रानात कडधान्यांचा आणि भुईमुगाचा पाला असतो, पण रात्री थंडी असते. दोन्हीची तयारी तारखेवरून करता येते, अंदाजावरून नाही.

शेवटचे दीड महिने

पोटातल्या कोकराची सुमारे ७० टक्के वाढ शेवटच्या सहा आठवड्यांत होते आणि कासही तेव्हाच भरायला लागते. जुळी असतील तर कोठा, म्हणजे चारा साठण्याचं पोट, दाबला जातो. मेंढीला खायला जास्त हवं असतं आणि पोटात जागा कमी असते. म्हणून नुसता कडबा वाढवून भागत नाही. थोड्यात जास्त ताकद मिळेल असं काही द्यावं लागतं.

वीण दीड महिन्यावर आली की रोज १५० ग्रॅम खुराक सुरू करा आणि दर आठवड्याला थोडा वाढवत शेवटच्या पंधरवड्यात ३०० ग्रॅमवर आणा, दोन वेळांत वाटून. जुळी आहेत हे सोनोग्राफीने कळलेलं असेल तर ४०० ग्रॅमपर्यंत जा. घरचं मिश्रण असं करता येतं: मक्याचा किंवा ज्वारीचा भरडा ५० किलो, शेंगदाणा पेंड २७, गव्हाचा कोंडा २०, खनिज मिश्रण २ आणि मीठ १ किलो. यातलं खनिज मिश्रण मेंढ्यांचंच घ्या. गाई-म्हशींच्या मिश्रणात तांबं जास्त असतं. मेंढीच्या यकृतात ते साठत जातं आणि एके दिवशी लघवी लाल होऊन धडधाकट मेंढी मरते. तोवर बाहेरून काही दिसत नाही.

कमरेवर लोकर बाजूला करून मणक्यावर हात फिरवा. मणक्यांची टोकं हाताला धारदार लागली तर मेंढी फार खंगली आहे. दाब दिल्यावर टोकं गोलसर लागली तर बरोबर. टोकं सापडतच नसतील तर ती जास्त चरबट आहे, आणि अशी मेंढी शेवटच्या महिन्यात अंगावरची चरबी भराभर जाळून आजारी पडते. कळपाच्या मागे राहते, खात नाही, दिसत नसल्यासारखी कुडाला धडकते, दात खाते, श्वासाला गोडसर आंबूस वास येतो. हा जुळ्यांच्या गाभणपणातला नेहमीचा आजार आहे. मेंढी उभी आहे तोवर प्रॉपिलीन ग्लायकॉल ६० मिली दिवसातून दोनदा पाजा, ते हाताशी नसेल तर दाट गुळवणी द्या, आणि त्याच दिवशी डॉक्टरांकडून शिरेतून ग्लुकोज द्या. ती आडवी पडल्यावर गूळ पाजून उठत नाही.

आंत्रविषाराची (आतड्यात जंतूंचं विष होण्याच्या रोगाची) लस विण्याआधी चार ते सहा आठवडे टोचा. कोकरांना पहिले काही आठवडे याच लशीचं संरक्षण चिकातून मिळतं. जंताचं औषध विण्याच्या आसपास एकदा द्या, कारण त्या काळात मेंढीची प्रतिकारशक्ती उतरते आणि जंत उसळतात. खालची पापणी उलटून बघा: लालबुंद असेल तर ठीक, पांढरट असेल तर जंत रक्त पीत आहेत.

पहिले चोवीस तास

जुळ्यांपैकी एखादं दगावतं ते बहुधा याच वेळात, आणि कारण बहुतेकदा थंडी आणि उपाशी पोट हेच असतं.

मेंढी व्याली की तिला दोन्ही कोकरांसह चार फूट बाय चार फुटांच्या कोंडीत ठेवा. फिरत्या वाड्यावर वाघरीचा (जाळीच्या कुंपणाचा) एक कोपरा तोडून असा आडोसा करता येतो. वारा लागेल त्या बाजूला घोंगडी बांधा. मोकळ्यावर ठेवली तर पहिलं कोकरू चाटून मेंढी दोन पावलं सरकते, तिथे दुसरं विते, आणि पहिलं विसरून जाते. कोंडीत दोन्ही तिच्या नाकापुढे राहतात. दोन ते तीन दिवस तिथेच ठेवा. दोन्ही कोकरांच्या अंगावर आईच्या अंगावरचीच खूण एकाच रंगाने करा, म्हणजे पुढे कळपात जोडी शोधावी लागणार नाही.

कोकराच्या नाकातोंडातला चिकटा पुसा. नाळ दोन इंच ठेवून कापा आणि लहान वाटीत टिंक्चर आयोडीन घेऊन नाळ त्यात पूर्ण बुडवा. बोळ्याने पुसलेलं आयोडीन टोकाच्या पोकळीत जात नाही, आणि जंतू तिथूनच शिरतात. पुढे सांधे सुजलेलं, लंगडणारं कोकरू दिसलं तर त्याचं मूळ इथे असतं.

मग कास बघा. सडाच्या तोंडाशी मेणासारखी गुठळी असते. दोन्ही सडांतून दोन-दोन धारा काढून ती मोकळी करा. कोकरू चुटूचुटू चोखतंय म्हणजे त्याच्या पोटात काही जातंच असं नाही. सड बंद असला तरी ते तसंच चोखत राहतं.

चीक किती, हे मापाने ठरवा. पहिल्या दोन तासांत वजनाच्या प्रत्येक किलोला ५० मिली आणि चोवीस तासांत २०० मिली. म्हणजे २ किलोच्या कोकराला पहिल्या खेपेला १०० मिली आणि दिवसभरात ४००. दोन कोकरं म्हणजे ८०० मिली चीक, आणि पहिलटकरणीकडे तो बहुधा नसतो. कोकराचं आतडं चिकातली रोगप्रतिकारक द्रव्यं पहिले काही तासच नीट शोषतं. बारा तासांनंतर ती वाट बरीच बंद झालेली असते. म्हणून चीक साठवून ठेवायची सवय लावा. एकच कोकरू असलेल्या दुधाळ मेंढीचा किंवा शेळीचा जास्तीचा चीक काढून १०० मिलीच्या पिशव्यांत गोठवा. वापरताना पिशवी कोमट पाण्यात ठेवा. पाणी हाताला सोसेल इतपतच गरम हवं. उकळत्या पाण्यात किंवा चुलीवर चीक फुटतो आणि त्यातली उपयोगाची प्रथिनं मरतात. शेळीचा नसेल तर गाईचा चालतो, दोन-तीन गाईंचा मिसळलेला असेल तर जास्त चांगला.

पोट भरलंय की नाही ते हाताने कळतं. कोकरू उभं असताना मागच्या पायांच्या पुढे, बरगड्यांखाली बोटं ठेवा. भरलेलं पोट घट्ट आणि गोलसर लागतं. रिकामं असेल तर दोन्ही बाजूंची कातडी बोटांत एकमेकींना भेटते. झोपेतून उठवल्यावर भरल्या पोटाचं कोकरू पाठ ताणून अंग मोडतं. उपाशी कोकरू पाठीला कुबड काढून उभं राहतं. तोंडात बोट घाला. आत गार लागलं तर लगेच गुदद्वारात थर्मामीटर लावा.

तापमान ३९ ते ४० अंश सेल्सिअस असेल तर ठीक. ३७ ते ३९ असेल तर अंग कोरडं करा, आडोशाला घ्या आणि नळीने चीक द्या. ३७ च्या खाली गेलं तर वयावरून ठरवा. पाच तासांच्या आतलं असेल तर आधी ऊब द्या, ३७ च्या वर आल्यावर चीक द्या. पाच तासांपेक्षा मोठं असेल तर त्याच्या अंगातली साखर संपलेली असते. तशाच स्थितीत शेक दिला तर ते झटके येऊन मरतं. त्याला आधी डॉक्टरांकडून पोटात ग्लुकोजचं इंजेक्शन लागतं, मग शेक. शेकोटीजवळ ठेवलेलं कोकरू ‘बरं होता होता’ गेलं असं सांगतात, त्यातली पुष्कळ याच कारणाने जातात.

नळी घालणं अवघड नाही, पण पहिल्यांदा जाणकाराच्या हाताखाली शिका. मऊ, गुळगुळीत टोकाची नळी आणि ६० मिलीची सुईशिवायची सिरिंज लागते. नळी कोकराच्या अंगावर धरून तोंडापासून शेवटच्या बरगडीपर्यंत मापा आणि तिथे खूण करा. कोकरू मांडीवर घ्या, मान सरळ ठेवा, नळीचं टोक चिकात बुडवून जिभेच्या एका बाजूने हळू सरकवा. ते गिळत जातं. खूण तोंडाशी आली म्हणजे नळी पोटात आहे. आधीच अडली किंवा कोकरू खोकलं तर ती श्वासनळीत गेली आहे, बाहेर काढा. चीक आपल्या वजनाने उतरू द्या, सिरिंजचा दट्ट्या दाबू नका. काढताना नळी चिमटीत दाबून काढा, म्हणजे उरलेले थेंब फुप्फुसात जाणार नाहीत. ज्याला मान धरवत नाही अशा कोकराला नळी घालू नका.

दूध मोजा

विण्याच्या दहाव्या दिवसाच्या आसपास प्रत्येक जुळ्या मेंढीचं दूध एकदा मोजा. सकाळी कोकरांना पाजून घ्या आणि कासेत उरलेलं पिळून टाका. कोकरं वेगळी करा. बरोबर चार तासांनी हाताने पूर्ण दूध काढा आणि मापा. त्या आकड्याला सहाने गुणलं की दिवसाचं दूध मिळतं. १६० मिली निघालं तर रोजचं साधारण एक लिटर, ८० मिली निघालं तर अर्धा लिटर. मेंढी घाबरली तर पान्हा सोडत नाही, म्हणून तिच्या ओळखीच्या माणसाने काढावं आणि कोकरू समोर बांधावं.

दर आठवड्याला कोकरांचं वजनही करा. दोऱ्या लावलेली पिशवी आणि काटा पुरे. रोज १०० ग्रॅमच्या वर वाढ असेल तर दूध पुरतंय. एक १३० ने वाढतंय आणि दुसरं ५० ने, असं दिसलं तर दूध कमी असेलच असं नाही. कोकरं बहुधा आपापला सड धरतात, तेव्हा लहान कोकराच्या बाजूची कास तपासा.

दूध वाढवणं

आधी चालणं कमी करा. जुळ्यांची आई पहिले पंधरा दिवस मोठ्या कळपाबरोबर दहा-बारा किलोमीटर पाठवू नका. वाड्याजवळ दोन-तीन किलोमीटरच्या आत चारा. चालण्यात जाणारी ताकद दुधातून वजा होते. दुपारी एकदा परत आणून पाजा. सकाळ-संध्याकाळ अशा दोनच वेळा पाजल्या तर मधल्या आठ-दहा तासांत कास तटून राहते आणि दूध तयार व्हायचं मंदावतं.

खुराक विण्यानंतर ४०० ते ५०० ग्रॅम, दोन वेळांत. लसूणघास, शेवरी, सुबाभूळ, भुईमुगाचा पाला, तुरीचं आणि हरभऱ्याचं भुसकट यांतलं जे मिळेल ते रात्री द्या. नुसत्या कडब्यावर दूध येत नाही. पाणी रोज पाच-सहा लिटर, उन्हाळ्यात त्याहून जास्त, आणि दिवसातून दोनदा तरी समोर यायला हवं. पाणी तोडलं की दुसऱ्या दिवशी दूध घटतं. खुराक एकदम वाढवू नका. मका किंवा ज्वारी काढलेल्या शेतात पडलेल्या कणसांवर मेंढरं तुटून पडली तरी पोटात आम्ल होऊन ती आजारी पडतात. अशा शेतात आधी भुसकट खाऊ घालून, थोडा वेळच सोडा.

बाटली, दाई आणि शेळी

दूध पाऊण लिटरच्या खाली असेल तर खुराकाची वाट बघत बसू नका, लहान कोकराला वरचं दूध सुरू करा. धनगरांच्या कळपात दोन-चार शेळ्या असतात, त्या याच कामाला सगळ्यात चांगल्या. एकट्या कोकराची आई किंवा जिचं कोकरू मेलं ती मेंढीही दाई म्हणून घेता येते. मेलेल्या कोकराचं कातडं दुसऱ्याला घातलं, किंवा जारेतलं पाणी त्याच्या पाठीला आणि शेपटीखाली चोळलं तर बहुतेक मेंढ्या घेतात. घेत नसेल तर तीन-चार दिवस तिला मान बांधून ठेवा, खाता-बसता येईल एवढी दोरी सैल ठेवून. त्यानंतरही ढुशा मारत असेल तर नाद सोडा.

बाटलीतलं दूध ३८ ते ४० अंशांचं हवं. पहिल्या आठवड्यात ८० मिली पाच वेळा, दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात १५० मिली चार वेळा, पुढे २०० ते २५० मिली तीन वेळा. शेळीचं किंवा गाईचं दूध तसंच द्या, त्यात पाणी घालू नका. मेंढीच्या दुधात सहा-सात टक्के स्निग्धांश असतो, गाईच्या दुधात चारच्या आसपास. पाणी घातलं तर पोट भरतं, वाढ होत नाही. साखरही नको, हगवण लागते. कोकरू उभं ठेवून पाजा. मांडीवर उताणं घेऊन पाजलेलं दूध फुप्फुसात उतरतं. कोकरू अजून आईजवळच असेल तर तिथेच ठेवून वरचं दूध द्या. उचलून दूर नेलं तर आई त्याला तोडते.

कास

मेंढी मागच्या पायाने लंगडायला लागली, कोकराला जवळ येऊ देईना, तर पाय बघण्याआधी कास बघा. एक बाजू कडक, गरम, दुधात गाठी, म्हणजे कासदाह. आपल्याकडे याला दगडी म्हणतात. तासातासाला दूध पिळून काढा आणि त्याच दिवशी डॉक्टरांकडून उपचार सुरू करा. कास निळसर आणि गार पडली तर तो अर्धा भाग गेला. मेंढी वाचवायची, दूध नाही. जुळ्यांत हे जास्त होतं, कारण उपाशी कोकरं सडांना दातांनी ओरबाडतात. बसायची जागा कोरडी ठेवली तर निम्मा त्रास टळतो.

कोकरांचा खुराक

दोन आठवड्यांपासून कोकरांना वेगळा खुराक द्या. सात-आठ इंचांची फट ठेवलेला कुड करा, त्यातून कोकरू जातं, मेंढी जात नाही. सुरुवातीला चिमूटभर भरडा आणि पेंड, वर टांगलेली सुबाभळीची डहाळी. तीन महिन्यांत हळूहळू रोज १५०–२०० ग्रॅमवर या. जेवढं लवकर कोकरू चघळायला लागेल तेवढं आईच्या दुधावरचं ओझं कमी होतं. तीन महिन्यांनी दूध तोडा.

पुढच्या वर्षीच्या माद्या निवडताना वहीतले तीन आकडे बघा: दहाव्या दिवसाचं दूध, दोन्ही कोकरांचं तीस दिवसांचं वजन, आणि दोन्हींतल्या वजनाचा फरक. दोन वेतं जुळी देऊनही दोन्ही कोकरं स्वतःच्या दुधावर वाढवणाऱ्या मेंढीच्या मुली ठेवा. जिची जुळी दोन्ही वेळा बाटलीवर काढावी लागली तिच्या मुली विका, त्यांच्यात जनुक असलं तरीही.